फ्रान्सची वाइन टूर : एकच प्रदेश, आठ जणांची गाडी

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

सुट्ट्यांचा हंगाम जवळ आला की परदेश सहलींच्या जाहिरातींनी वर्तमानपत्रांची पाने भरतात. त्यांत ‘फ्रान्स वाइन टूर’ हे शब्द आता वरचेवर दिसू लागले आहेत. कार्यक्रम बहुधा ठरलेला असतो : पॅरिस, शॅम्पेन, बर्गंडी, बोर्दो, सात-आठ दिवस, चाळीस जणांची बस. वर्षानुवर्षे पैसे साठवून माणूस युरोपला जातो, तेव्हा एका फेरीत जमेल तेवढे पदरात पाडून घ्यावे असे त्याला वाटणारच. पण द्राक्षबागा आणि वाइनची तळघरे पाहायची असतील तर हा हिशेब चुकतो. शॅम्पेनमधल्या रँसहून बर्गंडीतले बोन साधारण ३०० किलोमीटर आहे आणि बोनहून बोर्दो ६०० च्या पुढे. लहान बागायतदार पाहुण्यांना भेटतो ते सकाळी बारापर्यंत आणि दुपारी दोननंतर संध्याकाळपर्यंत. पाच वाजता पोचलेल्या बसला मिळते ते मोठ्या व्यापारी पेढीचे, पर्यटकांसाठी दिवे लावून सजवलेले तळघर, आणि छोट्या ग्लासात त्या पेढीची सर्वांत स्वस्त वाइन. तेवढ्यासाठी एवढा खर्च करून जायची गरज नाही.

एकच प्रदेश, एका गाडीत जास्तीत जास्त आठ माणसे, सोबत स्थानिक जाणकार, आणि दोन-तीन दिवस. फ्रान्समधली बाग समजून घ्यायचा हाच मार्ग आहे, असे आमचे ठाम मत आहे. त्याची कारणे आणि पैसे भरण्याआधी तपासायच्या गोष्टी आपल्या वाचकांसाठी सविस्तर लिहीत आहोत.

पहिल्यांदा जाणाऱ्याने बर्गंडीतला कोत दोर हा पट्टा निवडावा. पॅरिसच्या गार द लियों स्थानकावरून टीजीव्ही या वेगवान गाडीने दिजों शहर दीड-पावणेदोन तासांवर आहे. तिथून बोन हे गाव साध्या गाडीने अर्ध्या तासाच्या आत येते. दिजोंपासून दक्षिणेला सान्तने गावापर्यंत पन्नासेक किलोमीटरचा हा उतार आहे. रुंदी कुठे काहीशे मीटर, कुठे जेमतेम दोन किलोमीटर. माथ्यावर झाडी, मधल्या उतारावर वेली, पायथ्याशी उत्तर-दक्षिण जाणारा डी ९७४ हा रस्ता. मुक्काम बोनमध्ये ठेवला की रोज बॅगा भरायच्या नाहीत, आणि कुठलीही बाग तासाभराच्या आत.

आता आठच माणसे का? पहिले कारण कायद्याचे आहे. फ्रान्समध्ये मोटारीच्या साध्या परवान्यावर चालकासह नऊ आसनांची गाडी चालवता येते. त्याहून मोठ्या गाडीला बसचा परवाना आणि बसचे नियम लागतात. म्हणून वाइन दाखवणारा वाटाड्या स्वतःच गाडी चालवतो आणि मागे आठ जण बसतात. दुसरे कारण रस्त्याचे. बागांमधल्या वाटा एका ट्रॅक्टरपुरत्या असतात, बस डी ९७४ सोडून वर चढतच नाही. तिसरे कारण सर्वांत महत्त्वाचे, आणि ते बाटलीचे आहे. चाखण्यासाठी एका ग्लासात ४० मिलीलिटरच्या आसपास वाइन ओततात. ७५० मिलीलिटरची एक बाटली अठरा जणांना पुरते. आठ जण आले तर एक बाटली उघडून भागते आणि उरलेली दुपारच्या पाहुण्यांना चालते. चाळीस जणांना तीन बाटल्या लागतात. बर्गंडीचे पिंप २२८ लिटरचे, म्हणजे एका पिंपातून साधारण ३०० बाटल्या निघतात. एखाद्या नामांकित तुकड्यातून ज्या बागायतदाराची वर्षाला दोनच पिंपे वाइन होते, त्याच्याकडे जगभरच्या गिऱ्हाइकांसाठी मिळून ६०० बाटल्या असतात. त्यातल्या तीन तो एका बससाठी उघडेल कशा? एक मात्र उघडतो, आणि त्याच वेळी बोलतो, कारण आठ माणसे त्याच्या पिंपांमधल्या बोळात मावतात आणि त्याचे हळू बोलणे त्यांना ऐकू जाते.

चांगला वाटाड्या सकाळी साडेनऊला थेट तळघरात नेत नाही, आधी उतारावर उभे करतो. वोन-रोमाने गावामागे उभे राहिले की सगळा प्रकार अर्ध्या तासात ध्यानात येतो. पायथ्याला माती खोल आणि ओलसर, तिथे साधी प्रादेशिक वाइन होते. थोडे वर गावाच्या नावाची. मधल्या पट्ट्यात चुनखडक वर आलेला, माती उथळ, पाण्याचा निचरा चांगला, पूर्वेचे ऊन सकाळपासून. तिथे प्रमिये क्रू आणि ग्राँ क्रू हे वरचे दर्जे. त्याच्याही वर थंडी आणि वारा वाढतो, तशी प्रत पुन्हा उतरते. बर्गंडीत ग्राँ क्रू ३३ आहेत आणि एकूण उत्पादनात त्यांचा वाटा शंभरात एक-दोन इतकाच. या उताराच्या नाव दिलेल्या तुकड्यांना क्लिमा म्हणतात. असे १२४७ क्लिमा २०१५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले. रोमाने-कोंती हा त्यांतला सर्वांत प्रसिद्ध तुकडा. क्षेत्र १.८ हेक्टर, म्हणजे साडेचार एकरही नाही. कडेला बुटकी दगडी भिंत, एक दगडी क्रूस आणि वेलींत शिरू नका अशी विनंती करणारी पाटी. बहुतेक बागांना कुंपण नसते म्हणून लोक ओळींत घुसून फोटो काढतात, घड तोडतात, आठवण म्हणून दगड उचलतात. यातले काहीही करू नये. ते एका कुटुंबाचे वर्षाचे पीक आहे.

एकाच गावात इतकी नावे आणि इतके मालक कसे, हे मराठी वाचकाला सातबाऱ्यामुळे लगेच कळेल. क्लो द वूजो ही सुमारे ५० हेक्टरची, चारी बाजूंनी भिंत घातलेली बाग सितो मठाच्या साधूंनी उभी केली. फ्रेंच राज्यक्रांतीत चर्चच्या जमिनी सरकारजमा होऊन विकल्या गेल्या. पुढे १८०४ च्या नागरी संहितेने मुलांना समान वाटा दिला, आणि विक्री व भाऊवाटण्या होत-होत आज त्या एकाच भिंतीच्या आत सुमारे ८० मालक आहेत. कुणाच्या वाट्याला थोडक्याच ओळी. भिंतीच्या आतले सगळे क्षेत्र कायद्याने ग्राँ क्रूच. तरी वरच्या, वाड्याजवळच्या भागाचा निचरा चांगला आणि खालचा, रस्त्यालगतचा भाग ओला. म्हणून बर्गंडीत जागेच्या नावाइतकेच करणाऱ्याचे नाव पाहावे लागते. जाणकार वाटाड्या हे भिंतीपाशी हाताने दाखवतो. दिव्यांनी सजवलेल्या तळघरात हे कळायला मार्ग नाही.

या वाटण्यांचा पाहुण्याला मोठा फायदा होतो. एका बागायतदाराच्या ओळी चार-पाच गावांत विखुरलेल्या असतात, त्यामुळे तो एकाच हंगामात आठ-दहा वेगळ्या वाइन करतो. द्राक्ष तेच, पिनो न्वार. वर्ष तेच, हात तेच, पिंपेही त्याच सुताराची. बदलते ती फक्त जमीन. आधी गावाच्या नावाची वाइन, मग प्रमिये क्रू, मग जमल्यास ग्राँ क्रू, असे तीन ग्लास एका माणसाकडून एका टेबलावर चाखले की जमिनीचा फरक जिभेला कळतो. सहलीच्या कंपनीला हे आधीच सांगा : एका ठिकाणी एकाच वर्षाच्या, वेगवेगळ्या दर्जांच्या तीन-चार वाइन हव्यात. चार ठिकाणी चार वेगळ्या वर्षांच्या वाइन चाखून तुलना होत नाही.

नाशिक, सांगली, सोलापूरकडचे द्राक्ष बागायतदार अशा सहलीला गेले तर त्यांना इतरांपेक्षा जास्त दिसेल. आपण वर्षात दोन छाटण्या घेतो, एप्रिलची खरड आणि ऑक्टोबरची गोडी. तिथे हिवाळ्यात वेल झोपते आणि छाटणी एकदाच होते. ग्युयो पद्धतीत एक लांब काडी तारेला बांधतात आणि पुढच्या वर्षासाठी दोन डोळ्यांची एक आखूड काडी राखतात. आपल्याकडे नऊ बाय पाच फुटांवर एकरी हजाराच्या आत झाडे बसतात. तिथे मीटरभर अंतरावर हेक्टरी १०,०००, म्हणजे एकरी चार हजार. मंडप नाही, वाय आकाराचा आधार नाही. वेल बुटकी आणि ट्रॅक्टर ओळीच्या दोन बाजूंना चाके ठेवून वेलींच्या डोक्यावरून चालतो. ठिबकच्या नळ्या दिसत नाहीत. उत्पादनाला कायद्याने मर्यादा आहे. शांबर्तांसारख्या ग्राँ क्रूला हेक्टरी ३७ हेक्टोलिटर, म्हणजे ३,७०० लिटर, हा मूळ आकडा धरला तर एका झाडामागे अर्धी बाटली पडते. खुंटावरचे कलम मात्र दोन्हीकडे सारखेच. १८६० च्या दशकात अमेरिकेतून आलेल्या फायलॉक्सेरा या मुळाच्या किडीने फ्रान्सच्या बागा साफ केल्या, तेव्हापासून तिथे अमेरिकी खुंटावर कलम करतात. आपला डॉगरिज हा खुंटही अमेरिकेचाच.

बोर्डो मिश्रण या फवारणीच्या औषधाची हकीकत तर प्रत्येक द्राक्षवाल्याने त्याच्या मुलखात जाऊन ऐकावी अशी आहे. बोर्दोजवळ मेदोक भागात रस्त्यालगतच्या ओळींवर मोरचूद आणि चुना शिंपडत, म्हणजे निळे-पांढरे डाग पाहून वाटसरू द्राक्षे खाणार नाहीत. त्याच ओळींवर केवडा हा वेलीचा रोग येत नाही, हे बोर्दो विद्यापीठातले प्राध्यापक मिलार्दे यांनी हेरले आणि १८८५ मध्ये प्रसिद्ध केले. आपण आजही एक किलो मोरचूद, एक किलो चुना आणि शंभर लिटर पाणी असे एक टक्क्याचे मिश्रण करतो. तिकडे आता मोरचुदातल्या तांब्यावर मर्यादा आली आहे, सात वर्षांत मिळून हेक्टरी २८ किलो. वाटाड्याला विचारले तर तो फवारणी करणाऱ्या माणसाशी गाठ घालून देऊ शकतो. आधी सांगून ठेवले मात्र पाहिजे.

खरेदीत होणारी एक चूक फार महागात पडते. १८४७ मध्ये जव्रे गावाने आपल्या सर्वांत नावाजलेल्या बागेचे नाव गावाला जोडले आणि ते जव्रे-शांबर्तां झाले. पुढे प्युलिन्यी आणि शासान्य या गावांनी मोंराशे या बागेचे नाव जोडून घेतले. त्यामुळे बाटलीवर ‘जव्रे-शांबर्तां’ असेल तर ती गावाची वाइन आणि नुसते ‘शांबर्तां’ असेल तर ग्राँ क्रू. दोन्हींच्या किमतीत जमीन-अस्मानाचा फरक. ‘ग्राँ व्हँ द बूर्गोन्य’ ही सोनेरी अक्षरांतली ओळ भारदस्त दिसते, पण तिने दर्जा ठरत नाही. ‘व्हिएय व्हिन्य’ म्हणजे जुन्या वेली, पण किती जुन्या याची कायद्यात व्याख्या नाही. ‘मी आं बुतेय ओ दोमेन’ या शब्दांना मात्र अर्थ आहे : वाइन बागायतदाराने स्वतःच्या जागेत बाटलीत भरली. दुसऱ्याची द्राक्षे किंवा वाइन विकत घेऊन स्वतःच्या नावाने विकणाऱ्या व्यापाऱ्याला नेगोसियाँ म्हणतात. त्यांतही उत्तम लोक आहेत. आपण कुणाकडे चाललो आहोत, एवढे आधी माहीत असावे.

तळघरात शिरताना काही गोष्टी सांभाळाव्या लागतात. आत तापमान बारमाही १२ ते १४ अंश असते. बाहेर जुलैचे ऊन असले तरी स्वेटर किंवा शाल जवळ हवी. पायऱ्या अरुंद, झिजलेल्या, कधी गोल जिन्याच्या आणि कठडा नसलेल्या. खाली खडी पसरलेली. गुडघेदुखी असणाऱ्यांनी किती पायऱ्या आहेत हे आरक्षणाच्या वेळीच विचारावे, जमिनीलगत चाखण्याची खोली असलेली ठिकाणे मिळतात. वासाचे पथ्य सर्वांत कडक. अत्तर, परफ्युम, सुगंधी तेल लावू नये. थंडीने डोके धरले म्हणून एकाने बाम चोळला तरी त्या बंद जागेत आठही जणांना वाइनचा वास येत नाही. सुपारी, बडीशेप, पेपरमिंट, कडक कॉफी यांनी जीभ तासभर कामाची राहत नाही. विमानातून उतरल्या दिवशी तर चाखण्याचा कार्यक्रम ठेवूच नये. कोरड्या हवेने नाक बंद असते आणि झोप झालेली नसते.

आत गेल्यावर बागायतदार काचेच्या लांब नळीने पिंपातून वाइन काढून ग्लासात सोडतो. ग्लास दांड्याला धरावा, आधी न हलवता वास घ्यावा, मग दोन वेढे फिरवून पुन्हा घ्यावा. घोट तोंडात सगळीकडे फिरवला की आंबटपणाने जिभेच्या कडांना पाणी सुटते आणि तुरटपणा हिरड्यांवर जाणवतो. पिंपातली कोवळी वाइन तोंडाला खरखरीत लागते. ती बिघडलेली नसते. पिनो न्वारचा रंग मुळातच फिका, माणकासारखा आरपार. पातळ दिसते म्हणून हलकी समजू नये. बर्गंडीत पुष्कळ जण आधी तांबडी आणि मग पांढरी देतात. आपल्याला उलट शिकवलेले असले तरी यजमानाचा क्रम पाळावा. इथली पांढरी शार्दोने भारी असते आणि तिच्या आंबटपणामागून कोवळी तांबडी कडू लागते. ग्लासात उरलेली वाइन काही जण पिकदाणीत टाकतात, काही खडीवर, तर काही परत पिंपात ओततात. यजमान काय करतो ते पाहून आपण तसेच करावे.

आता थुंकण्याबद्दल स्पष्ट लिहितो, कारण आपल्याकडच्या लोकांना यात संकोच वाटतो आणि तिथेच सहलीचे नुकसान होते. एका ठिकाणी सहा वाइन, प्रत्येकी ४० मिलीलिटर, म्हणजे २४० मिलीलिटर. तीन ठिकाणी ७२०. सगळे गिळले तर संध्याकाळपर्यंत माणशी जवळपास एक पूर्ण बाटली होते. फ्रेंच आरोग्य खात्याचा सल्ला दिवसाला दहा ग्रॅम अल्कोहोलचे दोन पेले, आठवड्याला दहा, आणि तेही रोज नाही, असा आहे. १३ टक्क्यांची ७२० मिलीलिटर वाइन म्हणजे असे जवळपास साडेसात पेले. दुपारच्या जेवणाआधीच अर्धा गट सुस्तावतो आणि तिसऱ्या ठिकाणची सर्वांत चांगली वाइन कुणाला कळत नाही. क्राश्वार म्हणतात ती पिकदाणी प्रत्येक तळघरात असते. बागायतदार स्वतः थुंकतो आणि पाहुणा थुंकला तर त्याला तो जाणता समजतो. ओठ आवळून, पुढे वाकून, एका धारेत थुंकायचे. घरी बेसिनपाशी पाण्याने चार दिवस सराव केला की जमते. दोन ठिकाणांमध्ये पाणी आणि पाव घ्यावा. मधुमेह, रक्तदाब किंवा इतर औषधे चालू असणाऱ्यांनी निघण्याआधी डॉक्टरांना विचारावे. जो पीत नाही त्यानेही वास घ्यावा, जमीन पाहावी. त्याला कुणी आग्रह करत नाही, आपणही करू नये.

स्वतः गाडी भाड्याने घेऊन फिरण्याचा विचार याच हिशेबामुळे सोडावा. फ्रान्समध्ये चालकाच्या रक्तात लिटरमागे अर्धा ग्रॅम अल्कोहोल झाला की गुन्हा होतो, आणि नवशिक्या चालकाला तर ०.२ चीच मर्यादा आहे. शिवाय पुष्कळ लहान बागायतदारांच्या दारावर पाटीसुद्धा नसते. आधी वेळ घेतलेली नसेल तर दार उघडत नाही, आणि संभाषण फ्रेंचमध्ये होते. वाटाड्याचे अर्धे काम या ओळखींचे आणि भाषांतराचेच आहे. बागायतदाराने दिलेला एक तास ही त्याची कामाच्या दिवसातली सवड असते. गट वीस मिनिटे उशिरा पोचला तर एक-दोन वाइन कमी मिळतात. भेटल्यावर पहिला शब्द ‘बोंझूर’. तो न म्हणता प्रश्न विचारणे तिथे उद्धटपणाचे समजतात.

दिवसाला दोन भेटी उत्तम, तीन चालतील, चौथी घेऊ नये. नऊ-साडेनऊला निघून उतारावर पायी फेरी, अकराला पहिले तळघर, साडेबाराला जेवण, तीनला दुसरे, आणि एखाद्या दिवशी साडेचारला तिसरे. उरलेला वेळ बोनमधल्या ओतेल-द्यू या जुन्या धर्मादाय रुग्णालयाला द्यावा. १४४३ मध्ये निकोला रोलँ आणि त्यांच्या पत्नी गिगोन द सालँ यांनी ते गरिबांसाठी बांधले. त्याला दान मिळालेल्या बागांची वाइन १८५९ पासून लिलावात विकली जाते आणि पैसा रुग्णसेवेला जातो. हा लिलाव नोव्हेंबरच्या तिसऱ्या रविवारी असतो. त्या आठवड्यात हॉटेले मिळत नाहीत आणि बागायतदार मोठ्या गिऱ्हाइकांत गुंतलेले असतात. पर्यटकाने तो टाळावा.

महिन्यांचे गणित नीट पाहावे. मे आणि जून सर्वांत चांगले. जूनमध्ये वेल फुलते आणि तो मंद वास बागेत उभे राहिले तरच येतो. फुलोऱ्यापासून काढणीपर्यंत शंभर दिवस, असा तिथला जुना ठोकताळा. ऑगस्टमध्ये बरेच बागायतदार सुट्टीवर जातात. काढणी सप्टेंबरमध्ये, उष्ण वर्षी ऑगस्टच्या अखेरीसच सुरू होते. ती पाहायला जावे असे प्रत्येकाला वाटते, पण त्या दोन-तीन आठवड्यांत लहान घरी पाहुण्यांना वेळच नसतो. ऑक्टोबरात पाने सोनेरी होतात, तळघरात आंबवण्याचा वास असतो आणि माणसे पुन्हा बोलायला मोकळी होतात. एप्रिलमध्ये हिमाची धास्ती असते. रात्री ओळींमध्ये मेणाच्या मोठ्या वाती पेटवून कोंब वाचवतात, आणि रात्रभर जागलेला माणूस सकाळची भेट रद्द करू शकतो. त्यावर रागावू नये. रविवारी बहुतेक लहान ठिकाणे बंद असतात, तेव्हा कार्यक्रमात रविवारची तळघर-भेट दिसली तर ती कुठल्या तळघराची, हे नाव विचारावे. पाऊस पडून गेल्यावर तिथली चिकणमाती बुटांना गोळ्यांनी चिकटते. जुने, पक्क्या तळव्याचे बूट न्यावेत.

शाकाहारी वाचकांनी जेवणाचे आठवडाभर आधी लेखी कळवावे. त्या भागाची खासियत बीफ, हॅम आणि गोगलगायी. अंड्याच्या प्रसिद्ध पदार्थातही डुकराचे तुकडे असतात. चीजचे फुगे, ज्यांना गुजेर म्हणतात, त्यांत अंडे असते. पारंपरिक फ्रेंच चीज विरजायला बहुधा जनावराचे रेनेट वापरतात. वाइन स्वच्छ करायलाही काही जण अंड्याचा पांढरा बलक, दुधाचे केसिन किंवा माशापासून केलेला पदार्थ घालतात. ज्यांना हे चालत नाही त्यांनी यातले काही न घातलेली वाइन मागावी; बागायतदाराला हा प्रश्न नवा नाही आणि तो खरे उत्तर देतो.

खरेदीचे शिष्टाचार ठिकाणानुसार वेगळे. चाखण्याचे पैसे घेतले असतील तर खरेदीचे बंधन नाही. फुकट चाखायला दिले असेल तर घरटी एक-दोन बाटल्या घेणे रीतीला धरून होते. उन्हाळ्यात गाडीत बाटल्या तापल्या तर वाइन फुगून बूच वर येते, म्हणून गाडीत थंड पेटी आहे का ते विचारावे. भारतात परतताना प्रवाशाला दोन लिटर मद्य शुल्कमुक्त आणता येते. दोन बाटल्यांचे दीड लिटर होते, तिसरी घेतली की सव्वादोन होऊन मर्यादा ओलांडते. बाटल्या हातातल्या सामानात चालत नाहीत, चेक-इन बॅगेच्या मधोमध कपड्यांत गुंडाळून ठेवाव्यात. एका दुकानातली खरेदी १०० युरोच्या वर गेली तर पासपोर्ट दाखवून करपरतीचा कागद मागावा आणि विमानतळावर बॅग देण्याआधी त्यावर मोहोर उमटवून घ्यावी. शेंगेन व्हिसासाठी किमान ३०,००० युरोचा वैद्यकीय विमा लागतो. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, तो शेवटच्या पंधरवड्यावर ढकलू नये.

इतर प्रदेशांविषयी थोडक्यात. शॅम्पेनसाठी पॅरिसहून रँस पाऊण तासावर आहे, मोठ्या पेढ्या स्वतःच तळघरे दाखवतात, तिथे एका दिवसासाठी वेगळी टूर लागतेच असे नाही. खडूच्या खाणींत उतरणाऱ्या पायऱ्या शंभराच्या वर असू शकतात, इतकेच ध्यानात ठेवावे. बोर्दोत वाडे मोठे आणि एकमेकांपासून दूर, त्यामुळे तिथे गाडीची गरज जास्त. दोन्ही प्रदेश वेगळ्या फेरीसाठी ठेवावेत.

संपादक महोदय, आपल्याला एक विनंती. वाइन टूरच्या जाहिराती आणि पर्यटन पुरवणीतली माहिती छापताना काही तपशील द्यायला लावावेत. गाडीत किती जण. ज्या बागायतदारांकडे नेणार त्यांची नावे, निदान ते बागायतदार की व्यापारी. दिवसाला किती भेटी आणि प्रत्येक ठिकाणी कोणत्या दर्जाच्या किती वाइन. चाखण्याचे शुल्क आणि जेवण किमतीत धरले आहे की नाही. वाटाड्या इंग्रजी बोलतो का. स्थानिक कंपनीची आतू फ्रांस या फ्रान्सच्या सरकारी पर्यटन संस्थेकडे नोंदणी आहे का. आणि बागायतदाराने ऐन वेळी भेट रद्द केली तर पर्याय काय. यांची उत्तरे जी कंपनी लेखी देते, तिच्याकडेच पैसे भरावेत.

आपले,
द्राक्ष आणि वाइन या क्षेत्रात काम करणारे दोन वाचक, नाशिक